शब्द नमूद नाहीत

निकाल ऐकून धाकटी घरी आली ती चपलासुद्धा न काढता थेट गोठ्यात शिरली. धार काढायची वेळ टळून गेली होती. गाईची कास तटतटली होती, आणि सासूला काही केल्या ती हात लावू देत नव्हती. धाकटीनं कास धुतली, गुडघ्यांत चरवी धरली आणि कपाळ गाईच्या कुशीला टेकवलं. पहिल्या दोन-चार धारा वाकड्या गेल्या, मातीत मुरल्या.

सासू गोठ्याच्या दारात येऊन उभी राहिली. "काय झालं ते सांगशील तरी?"

"सुटला."

"कोण?"

"कोण म्हणजे काय, आत्या? डेअरीचा सेक्रेटरी. निर्दोष सुटला."

म्हातारी होती तिथंच बसली. तेवढ्यात रस्त्यानं सेक्रेटरीच्या माणसांच्या मोटारसायकली आल्या. त्या वस्तीत कुणाचं काही काम नव्हतं, तरी मुद्दाम वळून आल्या, हॉर्न दाबून धरत दारावरून गेल्या आणि पुढच्या वळणावरून परत फिरून पुन्हा गेल्या. गाय बुजली. तिनं लाथ मारली तशी चरवी कलंडली. धाकटीनं ती सरळ केली, हात धुतले आणि उरलेली धार पुरी केली. तिचं रडणं कुणी पाहिलं नाही, कारण ती रडलीच नाही. तिचा जबडा दुखत होता. कोर्टातून येताना सबंध वाटभर तिनं दात आवळून धरले होते.

या घरात ती धाकटी सून म्हणून आली. थोरले दीर-जाऊ पोटामागं शहरात गेले ते तिकडचेच झाले, पण नाव तेच राहिलं. नवरा गवंडी. त्याच्या हातच्या भिंतीला ओळंबा लावायची गरज नाही, असं गावातले लोक म्हणत, आणि भिंत पुरी झाली की त्याला पाणी अंगणातच देत. धाकटीला गुरांची हौस. वासराच्या वयापासून वाढवलेली कालवड पहिल्यांदा व्याली, दूध घरात पुरून उरायला लागलं, आणि आपण डेअरीवर दूध घालू, असं तिनंच काढलं. वस्तीतल्या कुणाच्याच दारात दुभतं जनावर नव्हतं, त्यामुळं घालावं की घालू नये हा प्रश्न आजवर कुणाला पडला नव्हता.

डेअरी म्हणजे चौकातली एक पत्र्याची खोली आणि तिच्यापुढचा सिमेंटचा ओटा. सकाळी ओट्याखाली किटल्यांची रांग लागायची. मापाडी दूध मापायचा, मशीनवर फॅट तपासायचा आणि मोठ्या कॅनमध्ये ओतायचा. पहिल्याच दिवशी त्यानं धाकटीचं दूध तपासलं आणि म्हणाला, "चांगलं आहे हो. काय चारता गाईला?" त्यानं दूध कॅनमध्ये ओतलं. तेवढ्यात आतून सेक्रेटरी बाहेर आला.

त्यानं विचारलं, "हे कुणाचं?" मापाड्यानं सांगितलं. सेक्रेटरीनं सगळाच्या सगळा कॅन गटारीत उपडा करायला लावला. त्यात गावातल्या कितीतरी घरांचं दूध होतं, पण कुणी हरकत घेतली नाही. मग तो बोलायला लागला. त्याचं बोलणं संपेपर्यंत रांगेतली एक किटली हलली नाही. शेवटी त्यानं खराटा तिच्या अंगावर टाकला आणि तिच्याकडून ओटा धुऊन घेतला.

धाकटीनं ओटा धुतला. का धुतला, हे तिला पुढं कधीच कळलं नाही. पाय पळायला तयार नव्हते, तोंड उघडायला तयार नव्हतं, फक्त हात तयार होते. घरी आल्यावर मात्र तिनं नवऱ्याला सांगितलं, "उठा. पोलिसात जायचंय."

ठाण्यात हवालदारानं कागद पुढं ओढला. "काय बोलला?"

धाकटीनं सांगायला सुरुवात केली. दुसऱ्या वाक्यालाच हवालदारानं पेन खाली ठेवलं.

"बाई, असली घाण कागदावर येत नसते. मी कायद्याच्या भाषेत लिहितो." त्यानं लिहिलं, 'जातीवरून अपशब्द वापरून अपमान केला.'

धाकटीला वाचता येत होतं. तिनं ते वाचलं. "पण तो असं नाही बोलला."

"अर्थ तोच ना?"

"अर्थ तोच. शब्द नाहीत."

"अर्थ महत्त्वाचा," हवालदार म्हणाला. "सही करा. मला जेवायला जायचंय."

खटला उभा राहायला वर्ष उलटलं. पिंजऱ्यात उभी राहिल्यावर धाकटीनं पुन्हा सांगायला तोंड उघडलं, तर समोरच्या वकिलानं हरकत घेतली. फिर्यादीत नाही ते बाई आता पदरचं घालतात, असं त्याचं म्हणणं. न्यायाधीशानंही हात वर केला. "पुरे, पुरे. कोर्टात भाषा सांभाळून वापरा." भाषा तिची नव्हती, हे सांगायलासुद्धा तिला कुणी वेळ दिला नाही. तिच्यामागून मापाडी आला. पोलिसांत दिलेला जबाब फिरवून, मशीनच्या आवाजात आपल्याला काही ऐकू आलं नाही, असं सांगून खाली मान घालून गेला. रांगेतली बाकीची माणसं तर साक्षीदार म्हणून आलीच नव्हती. निकालात कारण आलं: आरोपीनं नेमके कोणते शब्द वापरले, ते फिर्यादीत नमूद नाहीत. सबब, आरोपी निर्दोष.

निकालानंतर उन्हाळा लागला. ओढा आटला, बांधावरचं गवत पिवळं पडलं. आधी कुणाच्याही बांधावरचं गवत कापलं तर कुणी बोलत नसे. आता विळा लावला की हाक यायची, "ए, कुणाच्या बांधावर आहेस?" धाकटी भारा टाकून देऊन पुढच्या शिवारात जायची. तिथंही हाक यायची. मग ती नदीच्या पात्रात उतरून गोट्यांमधलं लव्हाळं कापायची. लव्हाळ्याच्या पात्यानं बोटं चिरायची, आणि संध्याकाळी कोमट पाण्यात हात घातले की ती एकेक चीर वेगवेगळी झोंबायची.

डेअरी तिला बंद झाल्यामुळं दूध मोठ्या रस्त्यावरच्या चहाच्या हॉटेलांत न्यावं लागे. वाट डेअरीवरूनच जायची. किटली डोक्यावर घेऊन ती दिसली की सेक्रेटरी ओट्यावरून ओरडायचा, "सरका, सरका! कोर्टाचं दूध निघालं!" रांगेतले लोक हसायचे. यात तक्रार करावी असा एकही शब्द नव्हता. तो आता शब्द मोजून वापरायला शिकला होता.

गवंड्याला गावातलं काम मिळेनासं झालं. अर्धी उभी केलेली भिंत दुसऱ्याच कुणीतरी पुरी केली. ती मध्येच फुगून पोटाला सुटली होती. येता-जाता ती भिंत दिसली की तो तोंड फिरवायचा. पुढं तो लांबच्या इमारतींवर कामाला जायला लागला. सायकल दामटत अंधार पडता पडता घरी यायचा, जेवायचा आणि बोलायच्या आत झोपायचा.

असाच आणखी एक उन्हाळा गेला, आणि मग एका दुपारी एका वकीलबाईंचा फोन आला. त्या नव्यानं सरकारी वकील झाल्या होत्या. धाकटीनं त्यांना पाहिलंसुद्धा नव्हतं.

"ताई, वरच्या कोर्टानं अशा खटल्यांमधले सुटकेचे निकाल मागवून घेतलेत. एकेक उघडून बघतायत. इतके जण सुटतात कसे, असा त्यांना प्रश्न पडलाय."

"आता पडला?" धाकटी म्हणाली.

"हो. आता पडलाय. तुमची फाईल त्यात आहे. तुम्ही याल का?"

गवंड्याला ते पसंत पडलं नाही. घास तसाच हातात ठेवून तो म्हणाला, "पुन्हा तेच? जरा कुठं लोक विसरायला लागलेत."

"लोक विसरतीलच. त्यांना कुणी बोललं नव्हतं."

"आणि पुन्हा सुटला म्हणजे? मग गावात राहता येणार आहे का आपल्याला?"

"आता काय राहतोय आपण?"

तो चिडला. "अगं, तो इतकं बोलला बोलला म्हणतेस, पण काय बोलला ते मला तरी कुठं सांगितलंस कधी?"

धाकटीनं भाकरी तव्यावरून उतरवली आणि त्याच्याकडं वळून बसली. "ऐकायचंय? सांगते. आत्ता सांगते."

गवंडी तिच्याकडं बघत राहिला. मग त्याची नजर भिंतीवर गेली, चुलीवर गेली. "राहू दे," तो म्हणाला.

"बघा. हवालदाराला नको, जज्जाला नको, तुम्हालाही नको. ऐकायचीसुद्धा लाज वाटते सगळ्यांना. मी काय दगड आहे, म्हणून माझ्यावर ओतलं?"

सासू कोपऱ्यातून म्हणाली, "मला सांग. मी काही बहिरी नाही."

"तुमच्याबद्दलही बोललाय तो, आत्या."

"मग तर सांगच. माझं माझ्यापाशी राहू दे."

धाकटीनं सांगितलं. म्हातारीनं पूर्ण ऐकून घेतलं, मध्ये 'अरे देवा' म्हटलं नाही की डोळे पुसले नाहीत. सगळं झाल्यावर ती एवढंच म्हणाली, "जा तू. मी गाईजवळ बसते. धार नाही काढू दिली तर नाही, निदान दावं तरी तोडू देणार नाही." गवंडी आपलं ताट घेऊन केव्हाच अंगणात गेला होता. पण दुसऱ्या दिवशी कामावर जाताना दारात घुटमळला आणि म्हणाला, "तारीख कधीची आहे ते सांग. सुट्टी सांगावी लागेल."

वरचं कोर्ट मोठं होतं, छत इतकं उंच की पंख्याचा वारा खाली पोचत नव्हता. दोघं शेवटच्या बाकावर बसली. त्यांचा खटला पुकारला गेला तेव्हा धाकटीला आपलं नावसुद्धा नीट ऐकू आलं नाही. न्यायाधीशांनी कागद चाळले. सेक्रेटरीचा वकील तेच म्हणाला, शब्द नमूद नाहीत.

"का नाहीत?" न्यायाधीशांनी विचारलं.

"फिर्यादीनं सांगितले नाहीत, साहेब."

न्यायाधीशांनी पान उलटलं. "साक्षीत ती सांगायला लागली तर तुम्ही हरकत घेतलीत. कोर्टानं तिला गप्प केलं. पोलिसांनी आपल्या शब्दांत लिहिलं. म्हणजे लिहायचं पोलिसांनी नाही, ऐकायचं आम्ही नाही, आणि शेवटी शब्द नाहीत म्हणून आरोपी मोकळा. यात या बाईचा दोष कोणता, तेवढं दाखवा."

वकिलानं चष्मा काढला, पुसला, परत घातला.

सुटकेचा निकाल रद्द झाला. साक्षी पुन्हा घ्या आणि ज्यांनी जबाब फिरवले त्यांना त्याची कारणं विचारा, असा हुकूम खाली गेला. सगळं इतक्या लवकर आटोपलं की धाकटीला खरं वाटेना. ती गवंड्याला दोनदा विचारत राहिली, "म्हणजे काय झालं?" तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा तो म्हणाला, "म्हणजे तुला पुन्हा सांगावं लागणार." आणि मग, थोड्या वेळानं, "मीही ऐकणार आहे."

हुकूम आल्यावर एका सकाळी मापाडी त्यांच्या दाराशी आला. सायकल स्टँडवर न लावता तशीच धरून उभा राहिला. सासूनं आतून पाहिलं आणि मुद्दाम मोठ्यानं म्हणाली, "अगं, मशीन आलंय. सावकाश बोल, ऐकू येत नाही त्याला."

मापाड्याची मान खाली गेली. "मला नोटीस आली आहे," तो धाकटीला म्हणाला. "खोटी साक्ष दिली म्हणून माझ्यावरच खटला होऊ शकतो म्हणतात."

"मग?"

"मग काय. येतो मी. खरं सांगतो." त्यानं सायकलची घंटी उगाच दाबली. "तुम्हाला वाटेल मी तुमच्यासाठी येतोय. तसं नाही. माझ्या मानेवर आलंय म्हणून येतोय. खोटं कशाला बोलू."

"या," धाकटी म्हणाली. "कशासाठी का होईना, या." पाणी विचारावं असं तिच्या मनात आलं, पण तिनं विचारलं नाही. त्यानं मागितलंही नाही.

साक्षीच्या आधी वकीलबाईंनी तिला बजावून ठेवलं होतं, "शब्दन् शब्द, ताई. गाळायचं नाही, मऊ करायचं नाही. तो बोलला तसंच." त्या दिवशी पहाटे धार काढता काढता धाकटीनं ते सगळं हळू आवाजात म्हणून पाहिलं. गाईनं कान मागं केले, पण पान्हा चोरला नाही.

कोर्टाची खोली लहान होती. खिडक्या कळकट, बाकं करकरणारी. सेक्रेटरी इस्त्रीचे कपडे घालून पुढं बसला होता. गावातली माणसं मागं दाटली होती. बहुतेक तीच, रांगेतली. धाकटी उभी राहिली. वकीलबाईंनी विचारलं, "आरोपी काय बोलला?"

धाकटीनं कठडा धरला. बोटांवर लव्हाळ्याच्या नव्या चिरा होत्या.

"तो म्हणाला, मेलेली ढोरं ओढणारी जात तुमची. कातडी सोलणारे हात आमच्या दुधात घालतेस?"

टाइप करणाऱ्या बाईंचे हात थांबले. समोरचा वकील अर्धवट उठला. या वेळच्या न्यायाधीश एक बाई होत्या. त्यांनी वकिलाला बसायची खूण केली आणि टाइप करणाऱ्या बाईंना म्हणाल्या, "थांबू नका. तोंडातून येतं तसं लिहा." मग धाकटीकडं बघून, "पुढं?"

"तो म्हणाला, तुझी सासू आमच्या उकिरड्यावरचं वेचून जगली आणि तू आमच्या बायकांबरोबर रांगेत उभी राहतेस? तुमच्यातली बाई आमच्या दारात यायची ती झाडायला. नाहीतर अंधार पडल्यावर, मागच्या दारानं, बोलावली तर." मग तिनं जातीचं नाव घेतलं, त्यानं घेतलं होतं तसंच, थुंकल्यासारखं, आणि त्याला त्यानं जोडलेली आईवरची शिवीही तशीच जोडली. "हे बोलून त्यानं खराटा माझ्या अंगावर टाकला. म्हणाला, विटाळ धुऊन जा. मी धुतला."

"सावकाश सांगा," न्यायाधीश म्हणाल्या. "लिहिणाऱ्यांना सगळं मिळालं पाहिजे. पुन्हा पहिल्यापासून सांगा."

धाकटीनं पुन्हा सांगितलं. एकेक शब्द सुटा करून, टाइप होईपर्यंत थांबून, मग पुढचा. यंत्राचा खटखट आवाज तिच्या मागोमाग येत राहिला. गवंडी गुडघ्यांवर दोन्ही पंजे ठेवून बसला होता. त्याचे सिमेंटनं खाल्लेले अंगठे पांढरे पडले होते. या वेळी त्यानं नजर वळवली नाही.

समोरच्या वकिलानं विचारलं, "इतकी वर्षं झाली, तुम्हाला इतकं तंतोतंत आठवतं कसं?"

"विसरायचा प्रयत्न केला, साहेब," धाकटी म्हणाली. "खूप केला. पण रोज सकाळी त्याच ओट्यावरून जावं लागतं."

मग मापाड्याला आत बोलावलं. ऐकलं का, विचारल्यावर तो म्हणाला, "हो, ऐकलं." काय ऐकलं, विचारल्यावर त्यानं तोंड उघडलं आणि मिटलं. पुन्हा उघडलं. "वाईट बोलला तो," एवढंच म्हणाला.

"काय वाईट?"

"बाईंनी सांगितलंच असेल की."

"त्यांनी सांगितलं," न्यायाधीश म्हणाल्या. "दोनदा सांगितलं. त्या सांगू शकतात, आणि तुम्हाला जड जातं? हे शब्द तुम्हाला कुणी म्हटले नव्हते."

मापाड्यानं सांगितलं. जमिनीकडं बघत, अडखळत, एका ठिकाणी पार रडकुंडीला येऊन, पण सांगितलं. सेक्रेटरी खुर्चीत मागं-पुढं सरकत होता. आपलेच शब्द आपल्या डेअरीतल्या माणसाच्या तोंडून ऐकताना त्याचे कान लाल झाले होते.

निकाल पावसाळ्याच्या तोंडावर लागला. दोषी. कैदेची शिक्षा सुनावली. गावातून सेक्रेटरीबरोबर आलेली माणसं ते ऐकून एकेक करत पांगली. पण त्याच्या वकिलानं वर अपील करायचं सांगून त्याच दिवशी जामीन मिळवला.

"म्हणजे आज आत जाणार नाही तो?" गवंड्यानं विचारलं.

"आज नाही," वकीलबाई म्हणाल्या. "वर जाईल तो. पुन्हा तपासतील."

"तपासू द्या," धाकटी म्हणाली. "या खेपेला शब्द आहेत त्यात."

संध्याकाळच्या गाडीला गर्दी होती. दोघांना मधल्या बाकावर जागा मिळाली. गवंडी खिडकीशी, धाकटी त्याच्या शेजारी, आणि तिच्या पलीकडची तिसरी जागा रिकामी राहिली. गाडी सुटता सुटता सेक्रेटरी चढला. एकटाच. शर्टाची इस्त्री मोडली होती, जामिनाचे कागद काखेत होते. सगळी गाडी भरलेली. एकच जागा मोकळी. ती त्याला दिसली, आणि जागेच्या शेजारी कोण बसलंय तेही दिसलं. तो दांडी धरून उभा राहिला.

गवंड्याचं अंग आपोआप हललं. लहानपणापासून गावातला कुणी मोठा समोर आला की तो असाच उठत आला होता. गुडघे सरळ व्हायला लागले होते, तोंडातून 'या, बसा' निघायच्या बेतात होतं. धाकटीनं त्याच्या मांडीवर हात ठेवला आणि जोर देऊन त्याला खाली बसवलं.

"बसा तुम्ही," ती म्हणाली. "जागा आहे इथं. बसायचं असेल त्यानं बसावं."

हे ती हळू बोलली नाही. सेक्रेटरीनं ऐकलं. त्यानं मान वळवून बाहेर पाहिलं. गाडी खड्ड्यांतून जाताना त्याचा तोल जायचा, कागद निसटायचे, तो ते पुन्हा काखेत खुपसायचा. वाटेत माणसं उतरली, नवी चढली. एक भाजीवाली टोपली घेऊन आली, रिकामी जागा पाहून आनंदानं टेकली आणि थोड्या अंतरावर उतरून गेली. जागा पुन्हा रिकामी झाली. कंडक्टर म्हणाला, "अहो, बसा की, किती वेळ उभे राहणार?" सेक्रेटरी म्हणाला, "ठीक आहे मी."

धाकटीनं चपला काढल्या. पाय पुढं ताणले, रिकाम्या जागेवर पिशवी ठेवली नाही, सरकलीही नाही. डोकं मागं टेकवलं. गवंडी तिला काहीतरी विचारत होता, पाऊस कधी येईल असं काहीतरी. तिला झोप लागली होती, आणि सेक्रेटरी गाव येईपर्यंत उभाच होता.